बाहेरची फ्लॉपी

आमचे सर न सांगता मेन स्विच पाडायचे. तीन मशीनवर तिघं टाइप करत बसलेले, कुणाचा अर्ज अर्धा झालेला, कुणाचा तक्ता शेवटच्या ओळीवर आलेला, आणि खट्! सगळं काळं. पहिल्यांदा झालं तेव्हा आम्हाला वाटलं लाइट गेली. देवळाली प्रवऱ्यात लाइट गेल्याचं कुणाला नवल? पण खाली सायकलवाल्याचा रेडिओ तर चालू होता. वळून पाहिलं तर सर बोर्डाजवळ उभे, एक हात स्विचवर, दुसऱ्या हातात चहाची बशी. शांतपणे विचारलं, कुणीकुणी सेव्ह केलं होतं? कुणीच नाही. मग आज तुम्ही आलाच नव्हता असं समजा, म्हणाले, आणि आम्हाला खरोखर घरी पाठवून दिलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी फळ्यावर खडूनं एक ओळ लिहिली, आमच्याकडं बघत बघत ती पुसली आणि म्हणाले, "मशीनमधली रॅम म्हणजे हा फळा. हार्डडिस्क म्हणजे तुमची वही. तुम्ही लोक फळ्यावर लिहून घरी जाता आणि सकाळी येऊन वहीत शोधता." पुढच्या वर्षभरात हे त्यांनी किती वेळा ऐकवलं असेल देव जाणे. आज ऑफिसात मी दर दोन मिनिटांनी सेव्ह करते. शेजारची बाई हसते, विचारते, तुम्हाला ही खोड कुणी लावली? मी विषय बदलते. त्यांचं नाव तोंडावर आणायची मला लाज वाटते. त्यांच्यात लाजण्यासारखं काही नव्हतं, जे काय होतं ते माझ्यात होतं.

सर मूळचे पारनेरचे. नागापूरच्या एमआयडीसीत एका कारखान्यात ते इलेक्ट्रिशियन होते. त्या कारखान्यानं पहिला कॉम्प्युटर घेतला, त्याला काचेची खोली बांधली, एसी लावला, आणि मग त्याला हात लावायला कुणी धजेना. सर एसी दुरुस्त करायला म्हणून आत गेले ते मशीनपाशीच बसले. जेवणाच्या सुट्टीत बसून, पुस्तकं मागवून, ते यंत्र त्यांनी पार आतून शिकून घेतलं. नोकरी सोडली, बायकोमुलांना पारनेरला ठेवलं, आणि एस.टी. स्टँडच्या मागं सायकलच्या दुकानावर माडीची एक खोली घेऊन क्लास काढला. शहाण्णव-सत्त्याण्णवच्या आसपासची ही गोष्ट. गावात तोवर कॉम्प्युटर फक्त साखर कारखान्याच्या ऑफिसात होता, आणि तोही कापडाखाली झाकलेला.

क्लास चालत होता, पण एक मोठी अडचण होती. त्याला मान्यता नव्हती. मान्यता असली तर आमच्या सर्टिफिकेटला नोकरीच्या अर्जात किंमत, नसली तर तो नुसता छापील कागद. श्रीरामपुरात मान्यता असलेला क्लास होता आणि एकेक पोर तिकडं जायला लागलं होतं. सरांनी अर्ज केलेला, मार्चमध्ये तपासणी ठरलेली. मान्यता मिळाली तर क्लास राहील, नाही तर उन्हाळ्यात कुलूप लावून मी परत नागापूरला, हे त्यांनी आम्हाला स्पष्ट सांगून टाकलं होतं. लपवाछपवी हा प्रकारच त्यांच्याकडं नव्हता.

ते सगळ्यांना 'अहो ऑपरेटर' म्हणायचे. मी तेव्हा एकोणीस वर्षांची, बारावी करून घरी बसलेली, मला जन्मात कुणी अहो म्हटलं नव्हतं. पहिले पंधरा दिवस त्यांनी आम्हाला कीबोर्डाला बोटसुद्धा लावू दिलं नाही. एक मेलेलं मशीन टेबलावर ठेवलं, हातात स्क्रूड्रायव्हर दिला आणि म्हणाले, उघडा. हा प्रोसेसर, ही रॅमची पट्टी, ही हार्डडिस्क, हा वीज वाटून देणारा डबा. सगळं सुटं करायचं, नावं सांगायची, परत जोडायचं. जोडताना सर एक स्क्रू गुपचूप खिशात टाकायचे. झाकण लावून 'झालं सर' म्हणणारा नापास. 'सर, एक स्क्रू कमी आहे' म्हणणारा पास. मी पहिल्याच वेळी पास झाले, आणि तिथंच माझं डोकं फिरलं.

चपला बाहेर काढायच्या, हातपाय धुऊनच आत यायचं, असा नियम होता. त्यामुळं नवीन येणारं माणूस दारातच हात जोडायचं. सर म्हणायचे, अहो, देव नाही तो, मला फक्त धूळ नकोय. एका दसऱ्याला एका विद्यार्थ्याचे वडील हळद-कुंकू, झेंडूचा हार आणि नारळ घेऊन आले. शस्त्राची पूजा करतात तशी कॉम्प्युटरची करायची म्हणाले. सर बौद्ध. वडील बौद्ध झाले तेव्हा सरांचा जन्मही झाला नव्हता, आणि असल्या गोष्टींवर त्यांचा काडीचा विश्वास नव्हता. पण ते चिडले नाहीत. हार स्वतःच्या गळ्यात घालून घेतला, नारळ खाली रस्त्यावर फोडून सगळ्यांना खोबरं वाटलं, आणि कुंकवाची पुडी परत देताना म्हणाले, हे फ्लॉपीच्या फटीत गेलं तर मशीन सौभाग्यवती होईल पण चालायची नाही. सगळे खो खो हसले. मीही हसले. आमच्या घरी त्याच दिवशी शिलाई मशीनला कुंकू लागलं होतं, ते मी कुणाला सांगितलं नाही. सरांच्या त्या हसण्याची मला भीती बसली होती. आपल्याला बघून ते असं हसले तर मेल्याहून मेल्यासारखं होईल, असं वाटायचं.

आता नाक्याचं सांगते, कारण सगळं त्याच्यावरूनच घडलं.

दारालगत एक जुनाट मशीन होतं. त्याला हार्डडिस्कच नव्हती, फ्लॉपीवर चालायचं. सर त्याला जकात नाका म्हणायचे. बाहेरून कुणीही फ्लॉपी आणली की ती आधी नाक्यावर जायची. व्हायरस म्हणजे काय हे आम्हाला त्यांनी असं सांगितलं होतं की तो जंतू नाही, कुणीतरी मुद्दाम लिहिलेला प्रोग्राम आहे, फ्लॉपीतून चोरून आत शिरतो, स्वतःच्या नकला काढतो आणि वेळ आली की घर साफ करतो. "बाहेरची फ्लॉपी आणि बाहेरचं पाणी, उकळल्याशिवाय आत घ्यायचं नाही," हे त्यांचं वाक्य. तपासणीचा प्रोग्राम असलेली फ्लॉपी ते दर महिन्याला एस.टी.नं पुण्याला जाऊन नवी करून आणायचे, आणि ती शर्टाच्या खिशात ठेवून रात्री आपल्या राहत्या खोलीवर न्यायचे. तपासून झालं की रजिस्टरमध्ये नोंद: कुणाची, कुठून आणली, आत काय आहे. आत काय आहे ते सर स्वतः उघडून बघायचे.

आमच्यात एक एस.टी. कंडक्टर होते, आम्ही त्यांना भाऊ म्हणायचो. पस्तिशीचे, दोन मुलींचे बाप. पुढंमागं तिकिटाची मशीन येणार असं डेपोत कुणी म्हणालं म्हणून ड्यूटी संपवून खाकी शर्टावरच क्लासला येणारे. त्यांनी एकदा गाड्यांच्या शर्यतीचा गेम असलेली फ्लॉपी नाका चुकवून घालायचा प्रयत्न केला आणि सापडले. सरांनी त्यांना आठ दिवस रजिस्टर लिहायला बसवलं. भाऊ बिचारे कान धरून म्हणाले, सर, पुन्हा असं व्हायचं न्हाई. आणि पुन्हा त्यांनी कधी केलं नाही, हे माझ्याइतकं पक्कं कुणालाच माहीत नाही.

त्या हिवाळ्यात सरांनी क्लासची किल्ली माझ्याकडं दिली. सकाळी सातची बॅच असायची, सरांचं स्टोव्हवरचं आवरेस्तोवर उशीर व्हायचा, म्हणून साडेसहाला मी जाऊन उघडायचं, झाडून घ्यायचं. किल्ली कमरेला खोचून मी गावातून अशी चालायचे की विचारू नका. घरी तर माझ्या बढायांना धरबंध नव्हता. मी काय वाट्टेल ते करू शकते कॉम्प्युटरवर, असं मीच सांगत सुटले होते. त्यात मला एक स्थळ आलं, संगमनेरचं. आत्या म्हणाली, एवढं सगळं येतं ना तुला, मग तुझी आणि त्या मुलाची पत्रिका काढून आण की कॉम्प्युटरवर. तिच्या मुलानं पुण्याहून तसला प्रोग्राम असलेली फ्लॉपी पाठवली होती. नाव, तारीख, वेळ घातली की कुंडली छापून येते, गुण जुळवून देते. आत्याला गुरुजींपेक्षा छापील कागदावर जास्त भरवसा होता.

मी नाही म्हणायला पाहिजे होतं. ती फ्लॉपी नाक्यावर न्यायची म्हणजे सर उघडून बघणार, रजिस्टरमध्ये लिहिणार: आत काय आहे, कुंडली. आणि हसणार. मला त्यांच्यासमोर अडाणी ठरायचं नव्हतं आणि घरी बढाईखोर ठरायचं नव्हतं. एवढंच. याच्याहून मोठं कारण मी पुष्कळ शोधलं, सापडत नाही.

फेब्रुवारीतली सकाळ होती. बाहेर उसाच्या गाड्या चाललेल्या, बैलांच्या घुंगरांचा आवाज येत होता. प्रिंटर फक्त सरांच्या टेबलावरच्या मुख्य मशीनला जोडलेला, म्हणून मी तिथंच बसले. घाईत फ्लॉपी आधीच आत सारली आणि मग मशीन सुरू केलं. असं कधी करायचं नाही हे सरांनी दहादा बजावलेलं. स्क्रीनवर ओळ आली की या फ्लॉपीवरून सुरू होता येत नाही, काढा आणि बटण दाबा. मी काढली, बटण दाबलं, मशीन नेहमीसारखं सुरू झालं. मला वाटलं, चला, निभावलं. पण व्हायरसला आत जायला तेवढाच वेळ लागतो, हे मला फार उशिरा कळलं. मग फ्लॉपी परत घातली, पत्रिका कर्रर्र कर्रर्र करत छापून आली. छत्तीसपैकी अठ्ठावीस गुण. आत्यानं तो कागद गल्लीभर फिरवला. पंधरा दिवसांनी संगमनेरकरांनी मुलगी उंचीला कमी आहे म्हणून नकार कळवला.

मुख्य मशीनवरूनच सर सगळ्यांना सरावाच्या फ्लॉप्या भरून द्यायचे. क्लासच्या फ्लॉप्या क्लासमध्येच फिरायच्या, त्यांना नाका नव्हता. म्हणजे बघा, सरांनी दाराला एवढा पहारा बसवला, आणि चोर मी माझ्या हातानं थेट माजघरात नेऊन बसवला. तिथून तो आमच्याच फ्लॉप्यांवर बसून मशीनमशीन फिरला आणि गप्प बसून राहिला. त्या व्हायरसला वर्षातली एकच तारीख ठाऊक होती. त्या तारखेला मशीन सुरू केलं की हार्डडिस्क पुसायची, एवढंच त्याचं काम. ती तारीख मार्चच्या पहिल्या आठवड्यात येत होती, आणि तपासणीही नेमकी त्याच दिवशी ठरली. छापील पत्रिकेत याचा काही उल्लेख नव्हता.

तपासणीच्या दिवशी सरांनी केस कापले होते, पांढरा शर्ट इस्त्री केला होता. जीपमधून पुण्याचे दोन साहेब आले. त्यांनी चपला बाहेर काढल्या तेव्हा सरांचा चेहरा काय खुलला! मला आणि कंडक्टर भाऊंना पुढं बसवलेलं, आम्ही प्रात्यक्षिक दाखवणार होतो. सरांनी मला खूण केली. मी मुख्य मशीनचं बटण दाबलं. आतून घरघर आली, दिवा लागला, आणि लागूनच राहिला. काहीच येईना. बंद करून परत सुरू केलं तर हार्डडिस्क सापडत नाही म्हणून ओळ आली. सर म्हणाले, दुसरं घ्या. दुसरं तसंच. तिसरं तसंच. चालू झाला तो फक्त नाका, कारण त्याच्या पोटात पुसायला काही नव्हतंच. एका साहेबानं विचारलं, एवढं एकच चालतं का तुमच्याकडं? दुसरा कागदावर काहीतरी लिहीत राहिला. सरांनी सबब सांगितली नाही. रजिस्टर पुढं ठेवलं, आपली पद्धत समजावून सांगितली, म्हणाले की बाहेरची फ्लॉपी नियम मोडून आत आली आहे, याशिवाय हे होत नाही. साहेब वाईट नव्हते. म्हणाले, आठ दिवसांत तसं लेखी दाखवा, आम्ही पुन्हा येऊ. नाही तर फाइल बंद होईल.

जीप गेल्यावर सरांनी आम्हाला बसवलं. ते चिडले असते तर बरं झालं असतं.

"ज्यानं घातली असेल त्यानं मला एकट्याला भेटा," ते म्हणाले. "मी रागावणार नाही. मला ती फ्लॉपी हवी आणि दोन ओळी लेखी हव्यात, की मी नियम मोडला. कागद पुण्याला जाईल, गावात कुणाला कळणार नाही. माझा क्लास वाचेल हो."

ते 'हो' अजून माझ्या कानात आहे. माणूस विनवणी करत होता, आणि ज्याच्यापाशी करायची ते माणूस हातभर अंतरावर बसून स्वतःच्या नखांकडं बघत होतं.

तोवर मला नक्की माहीत नव्हतं, निदान मी तसं स्वतःला सांगत होते. दोन दिवसांनी तेही गेलं. जेवताना आत्या म्हणाली, अगं, पुण्याला आमच्या पोराच्या ऑफिसातला कॉम्प्युटरही त्याच दिवशी बसला बघ, कसलं तरी ग्रहण असणार. मग माझ्यापाशी सहा दिवस उरले. रोज सकाळी मी किल्ली घेऊन जायचे, उघडायचे, झाडायचे. सर मेलेली मशीनं उघडून बसलेले असायचे. मला बघून म्हणायचे, या ऑपरेटर. दोनदा तर ओठावर आलं होतं. पण पुढचं सगळं डोळ्यांसमोर यायचं. रजिस्टरमधला तो रकाना, आत काय आहे, कुंडली. किल्ली परत द्यावी लागेल. घरी कळलं तर आधीच एक नकार आलेली पोर, वर आणखी बदनामी. सहाव्या दिवशी मी ती फ्लॉपी कपाटातून काढली आणि पाटाच्या पाण्यात टाकून दिली. पाण्यात ती लगेच बुडाली नाही. थोडी तरंगत गेली, आणि मी कुणी बघतंय का ते बघत काठावर उभी राहिले. थू माझ्या जिनगानीवर, असं तेव्हा म्हणाले नाही. आता म्हणते.

आठ दिवस संपले. फाइल बंद झाली.

कंडक्टर भाऊंवर संशय गेला, तो कुणी मुद्दाम घेतला नाही. ते आधी एकदा सापडलेले होते, त्यांच्याकडं सगळ्यांच्या माना आपसूक वळल्या. भाऊ उभे राहिले, मुलींची शपथ घेतली, म्हणाले, सर, ह्या खेपंला म्या न्हाई. सर म्हणाले, बसा, मी काही म्हणालो नाही. पण त्यांनी भाऊंकडं बघितलं नाही, आणि भाऊ दुसऱ्या दिवसापासून आले नाहीत. न येणं म्हणजेच कबुली, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं. मीही मान डोलावली. हो, डोलावली.

आणि गाव! गाव काय काय बोललं, आणि त्यातलं निम्मं कॉम्प्युटरबद्दल नव्हतंच. आमचे वडील ओट्यावर चहा पिता पिता शेजाऱ्याला म्हणाले, "त्यांना काय कळणार हो त्यातलं." 'त्यांना' हा शब्द म्हणताना आमच्याकडं आवाज जरा खाली येतो. मी तिथंच तांदूळ निवडत बसले होते. तालुक्यात त्या यंत्रातलं सरांइतकं कळणारा दुसरा माणूस नाही, हे मला ठाऊक होतं. मशीनं कुणी मारली तेही ठाऊक होतं. मी खडे वेचत राहिले. वडिलांना उलट बोलायची आमच्या घरी पद्धत नव्हती, असं म्हणून मी पुष्कळ वर्षं स्वतःची समजूत घातली. पण पद्धत मोडून पहाटे दुसऱ्याच्या मशीनवर पत्रिका छापताना मला कुठली पद्धत आडवी आली होती?

मे महिन्यात सर गेले. टेम्पोत मशीन चढवताना मी मदतीला होते. त्यांनी मला साध्या कागदावर स्वतःच्या हातानं शिफारसपत्र लिहून दिलं. क्लासच्या कागदाला किंमत नाही, म्हणून माझ्या सहीचा देतो, म्हणाले. त्यात 'अत्यंत विश्वासू' असे शब्द होते. ते पत्र दाखवून मला नगरला एका ऑफिसात नोकरी लागली. ते मी नाकारलं असतं तर निदान एवढं तरी सांगता आलं असतं. नाही नाकारलं.

अडीच वर्षांनी, नव्याण्णवच्या पावसाळ्यानंतर, नगरच्या गाडीत कंडक्टर भाऊ भेटले. केस पिकले होते. मला बघून आनंदले, घरचं विचारलं, माझं ऑफिस विचारलं. मग तिकिटं फाडून झाल्यावर माझ्या सीटजवळ येऊन उभे राहिले. म्हणाले की सर नागापूरलाच एका शेडमध्ये मशीनदुरुस्तीचं काम करतात, दोन हजार साल लागलं की सगळे कॉम्प्युटर बंद पडतील म्हणून कारखानदार घाबरलेत, सरांना तर जेवायलाही फुरसत नाही. गाडी रोज त्यांच्या फाटकावरून जाते. पण आपण कधी उतरलो नाही, म्हणाले.

"ताई, तुमचा शब्द मानतेत सर," ते म्हणाले. "एकदा जाऊन त्यांना सांगा ना, म्या न्हवती घातली म्हणून. चारचौघांत मान खाली गेली माझी. पोरींसमोर शपथ घेतल्याली हाय. तुमाला तरी वाटतं का म्या केलं असंल?"

मी म्हणाले, नाही भाऊ. मग मी नागापूरला उतरले. आज सांगूनच टाकायचं, असं ठरवून उतरले. पायऱ्या उतरताना भीती होती, पण बरंही वाटत होतं, दात काढायला निघाल्यावर वाटतं तसं.

शेडमध्ये लांबलचक टेबल, त्यावर उघड्या मशीनची रांग, आणि मध्ये सर. चष्मा लागला होता. मला पाहून हातातलं टाकून उठले. अहो ऑपरेटर! हात पुसले, स्टूल पुढं केलं, चहा मागवला. तिथं काम करणाऱ्या चार-पाच जणांना जवळ बोलावलं आणि माझी ओळख करून दिली. माझ्या क्लासची किल्ली यांच्याकडं असायची, म्हणाले. यांनी एकही दिवस नियम मोडला नाही. शिकायचं तर असं शिका. ते सगळे माझ्याकडं बघायला लागले. मी स्टुलावर बसलेली, पर्स मांडीवर.

तरी मी सुरुवात केली. देवाशपथ केली. म्हणाले, "सर, ती तपासणीच्या वेळची फ्लॉपी..."

सरांनी हात वर केला. "जाऊ द्या हो. मला माहीत आहे ती कुणी घातली."

क्षणभर वाटलं, सुटले. यांना कळलेलंच आहे.

"कंडक्टरनं," सर म्हणाले. "माणूस वाईट नव्हता, गेमचा नाद होता आणि धीर नव्हता. सांगितलं असतं तर मी काही केलं नसतं. फार राग होता मला त्यांचा, आता नाही. तुमच्या रस्त्याच्या गाडीला असतात ना? भेटले तर त्यांना सांगा, सरांनी माफ केलं."

चहा आला होता. ती माणसं अजून उभीच होती. सर माझ्याकडं बघत होते, तसेच, किल्ली देताना बघितलं होतं तसे. आणि मी म्हणाले, "सांगते सर."

संध्याकाळी परतीची तीच गाडी मिळाली. भाऊ दारातच उभे होते, मला हात देऊन वर घेतलं. घंटी दिली आणि लगेच विचारलं, भेटले का, काय म्हणाले? गाडीत गर्दी होती. मी दांडीला धरून उभी होते. मी म्हणाले, सरांनी तुम्हाला माफ केलं.

भाऊ बोटांवर तिकिटांचं पुडकं फिरवत राहिले.

"म्हंजे अजून त्यांना माझंच वाटतंय," ते हळू आवाजात म्हणाले. मग मान हलवली. "बरं. माफ तर केलं. तुमी माझ्यासाठी मदीच उतरून गेलात ताई, कोन करतंय एवढं. म्या न्हाई इसरायचो."

त्यांनी पुढच्या सीटवरची आपली पत्र्याची पेटी उचलून खाली ठेवली आणि मला बसायला जागा करून दिली. मी बसले.